कुलूप आपलें, किल्ली कोणापाशीं?



घराला कुलूप लावून किल्ली हरविणारा मनुष्य आपल्याच उंबरठ्यावर परका होतो. अशा वेळीं लोहार बोलावून कडी-कोयंडा तोडतां येतो. परंतु ज्या स्मार्टफोनवांचून आज एकाही घराचें चालत नाहीं, त्याच्या कुलुपापुढें लोहाराचें कांहीं चालत नाहीं. हें कुलूप काय आहे व तें योग्य मार्गानें कसें उघडावें, हें सांगण्याचें ह्या लेखांत योजिलें आहे.

गेल्या दिवाळीच्या सुट्टीनंतर नववीच्या वर्गांतील एक विद्यार्थी खिन्न मुद्रेनें मजकडे आला. त्याची आई शिवणकाम करून संसारास हातभार लावते. गिऱ्हाइकांचीं मापें, नमुन्यांचीं छायाचित्रें, कोणाकडून किती येणें, सर्व कांहीं तिच्या फोनमध्यें असे. तिनें पडद्यावर नवा पॅटर्न लाविला आणि दुसऱ्याच दिवशीं ती तो विसरली. मुलानें मोठ्या उत्साहानें बाजूचीं बटणें दाबून फोन मूळ स्थितीस नेला, म्हणजे ज्याला फॅक्टरी रीसेट म्हणतात तें केलें. आंतील मजकूर पुसला गेला; आणि फोन पुन्हां सुरू होतांच त्यानें पूर्वींच्या गूगल खात्याची मागणी केली. तें खातें फोन घेतांना दुकानांतील माणसानें उघडून दिलें होतें. त्याचें नांव व पासवर्ड आईस ठाऊकच नव्हता!

सर्व पुसल्यावरही फोनला जुना मालक आठवतो कसा, असा प्रश्न सहजच पडेल. शेतांतील पीक कापून नेलें, जमीन नांगरून टाकली, म्हणून सातबाऱ्यावरील नांव पुसलें जात नाहीं. तसेंच येथें आहे. फोनच्या स्मृतींत एक लहानसा वेगळा कप्पा असतो. बाहेरून बटणें दाबून केलेल्या रीसेटनें बाकी सर्व जातें, पण त्या कप्प्यांतील मालकाची नोंद कायम राहते. ती नोंद पटेल असें गूगल खातें, किंवा पडद्याचा जुना पिन अथवा पॅटर्न दिल्यावांचून फोन पुढें चालत नाहीं.

ही योजना चोरांसाठीं आहे. चोरलेला फोन पुसून विकतां येऊं नये, हा तिचा हेतु. ॲपलनें 2013 सालीं आपल्या आयफोनमध्यें अशी सोय आणली. अमेरिकेंतील कॅलिफोर्निया राज्यानें 2014 सालीं ह्या प्रकारच्या संरक्षणासंबंधीं कायदा केला. आणि 2015 सालीं अँड्रॉइडच्या 5.1 ह्या आवृत्तीबरोबर तें अँड्रॉइड फोनमध्यें आलें. मात्र कुलुपाला सज्जन आणि चोर ह्यांतील भेद कळत नाहीं. तें मनुष्य पाहत नाहीं, पुरावा पाहतें.

आमच्या विद्यार्थ्यास बाजारांत एक जण म्हणाला, "पांचशें रुपये द्या, कुलूप काढून देतों." मुलाचें मन डळमळलें. मीं त्यास विचारलें, "जो तुझें कुलूप पुराव्यावांचून काढतो, तो उद्यां चोरानें आणलेल्या फोनचें काढणार नाहीं कशावरून? आणि तो आईच्या फोनमध्यें आणखी काय घालून ठेवील, हें तुला समजेल काय?" मुलगा निरुत्तर झाला. मग आम्हीं सरळ मार्ग धरिला.

आईचें सिमकार्ड शेजारच्या काकूंच्या फोनमध्यें घातलें. गूगलच्या खातें परत मिळविण्याच्या पानावर आईचा मोबाईल क्रमांक व पूर्ण नांव दिल्यावर खात्याचें नांव सांपडलें. त्या क्रमांकावर ओटीपी आला, आणि नवा पासवर्ड ठरविला. असा प्रयत्न राहत्या घरून, नेहमींच्या इंटरनेटवरून केल्यास यशाचा संभव अधिक असतो. पासवर्ड बदलल्यावर चोवीस तास त्या खात्यानें फोन सुरू करतां येत नाहीं. म्हणून एक दिवस धीर धरिला. दुसऱ्या दिवशीं संध्याकाळीं फोन उघडला. हा मार्गही खुंटला असता, तर खरेदीची पावती व ओळखपत्र घेऊन कंपनीच्या अधिकृत सेवा-केंद्रांत जावें लागलें असतें.

खात्यांत जपलेले दूरध्वनि-क्रमांक परत आले. परंतु मापें व छायाचित्रें केवळ फोनमध्येंच होतीं. तीं कायमचीं गेलीं. त्या माउलीला अकरा गिऱ्हाइकांचीं मापें पुन्हां घ्यावीं लागलीं. मुलगा टेप धरून शेजारीं उभा होता. आतां त्या घरीं मापें वहींत लिहिलीं जातात, व तीं लिहिण्याचें काम मुलाकडे आहे.

ह्यावरून घेण्यासारखा बोध थोडका आहे, पण मोलाचा आहे. घरांतील प्रत्येक फोनचें खातें कोणतें, हें आजच विचारून घ्या. खातें आपल्या हातानें उघडावें, व त्यास आपलाच चालू मोबाईल क्रमांक जोडावा. गूगल आठ अंकांचे दहा राखीव संकेत देतें. त्यांतील प्रत्येक एकदांच चालतो. ते कागदावर उतरून पावतीबरोबर कपाटांत ठेवावे. फोन विकतांना अगर कोणास देतांना आधीं त्यांतील खातें काढावें, मग सेटिंग्जमधून रीसेट करावें. जुना फोन घेणारांनीं विकणाऱ्यासमोरच तो सुरू करून पाहावा. *#06# दाबलें असतां पंधरा अंकांचा आयएमईआय क्रमांक दिसतो. तो दूरसंचार विभागानें 2023 सालीं सुरू केलेल्या 'संचार साथी' ह्या सेवेवर पडताळून पाहावा.

आणि पालकांस एक नम्र विनंती. आपलीं मुलें फोन चालविण्यांत आपणांहून चपळ आहेत, हें खरें. पण चपळपणा म्हणजे जाणतेपणा नव्हे. किल्ली मुलांच्या स्वाधीन करून निश्चिंत होऊं नका. ती कोठें आहे, हें दोघांनाही ठाऊक असूं द्या.