आबाजींची तीन पानं आणि हक्काचा वर्ड प्रोसेसर

मी कॉन्व्हेंटमध्ये शिकले. मराठी घरात बोलायची, लिहायची मात्र परीक्षेपुरतीच. त्यामुळे शुद्धलेखनाच्या चुका पोटात घाला!

गेल्या दिवाळीत मी आबाजींकडे सानगडीला गेले होते. ते म्हणाले, "पोरी, तुह्या कॉम्प्युटरमंदी माह्या आठवनी लिहून ठेव." किल्ल्यावरचे खेळ, धानाची रोवणी, आजीचं सासरचं पहिलं वर्ष... दोन संध्याकाळी तीन पानं झाली. तिसऱ्या दिवशी लॅपटॉप सुरू केला, तर एकही फाइल उघडेना. माझा वर्ड प्रोसेसर म्हणजे होस्टेलमध्ये पेन ड्राइव्हवरून फिरणारी क्रॅक कॉपी. तिच्याबरोबर व्हायरसही आला होता, हे नंतर कळलं.

आबाजी रागावले नाहीत. पुन्हा सांगायला बसले. पण आजीचा एक प्रसंग त्यांना काही केल्या आठवेना. मलाही नाही. तो गेलाच.

खरं तर चोरीची कॉपी घ्यायची गरजच नव्हती. लिब्रेऑफिस हे सॉफ्टवेअर अधिकृतपणे मोफत आहे. १९९९ साली सन मायक्रोसिस्टिम्सने जर्मनीच्या स्टारडिव्हिजन कंपनीचं ऑफिस पॅकेज घेतलं आणि २००० मध्ये त्याचा सोर्स कोड सर्वांना खुला केला. त्यातून ओपनऑफिस तयार झालं. २०१० मध्ये त्यावर काम करणाऱ्या मंडळींनी डॉक्युमेंट फाउंडेशन ही संस्था काढली, तेच आजचं लिब्रेऑफिस. त्याला ना की लागते, ना क्रॅक. त्यातल्या वर्ड प्रोसेसरचं नाव रायटर.

आता विंडोजवर ते कसं बसवायचं ते बघू.

१) लिब्रेऑफिस डॉट ऑर्ग या मूळ साइटवरूनच डाउनलोड करा. फाइल साधारण साडेतीनशे एमबीची असते. मित्राच्या पेन ड्राइव्हमधली घेऊ नका, मित्र कितीही जिगरी असला तरी!

२) फाइलवर डबल क्लिक करा. पुढे 'टिपिकल' आणि 'कस्टम' असे पर्याय येतील. 'कस्टम' निवडून यूजर इंटरफेसच्या भाषांमध्ये मराठी चालू करा. म्हणजे मेनूसुद्धा मराठीत घेता येतात.

३) विंडोजच्या भाषा सेटिंगमध्ये मराठी कीबोर्ड जोडा. इनस्क्रिप्ट शिकायला आठ-दहा दिवस लागतात. ज्यांना तेवढा धीर नाही त्यांच्यासाठी २०१९ पासून विंडोज १० मध्ये फोनेटिक कीबोर्डही आला आहे. विंडोज आणि स्पेसबार एकत्र दाबले की भाषा बदलते.

४) रायटरच्या 'टूल्स'मधल्या 'ऑप्शन्स'मध्ये भाषांच्या पानावर कॉम्प्लेक्स टेक्स्ट लेआउटसाठी मराठी निवडा.

५) सेव्ह करताना मूळ फाइल ओडीटी ठेवा. दुसऱ्याला पाठवायची असेल तर डॉक्स किंवा पीडीएफ करा. आणि एक कॉपी दुसरीकडे ठेवाच. सॉफ्टवेअर अस्सल असलं तरी हार्ड डिस्क कधी दगा देईल सांगता येत नाही.

आणखी एक गोष्ट. कृतिदेवसारख्या जुन्या फॉन्टमध्ये टाइप करू नका. त्यात इंग्रजी अक्षरांच्या जागी मराठी आकार बसवलेले असतात. फॉन्ट नसलेल्या मशीनवर फाइल उघडली की नुसती इंग्रजी अक्षरं दिसतात. युनिकोडमध्ये देवनागरीच्या प्रत्येक अक्षराला स्वतःचा क्रमांक आहे, त्यामुळे 'सानगडी' कुठेही 'सानगडी'च राहते.

पुढच्या सुट्टीत मी आबाजींसमोर रायटर उघडला. मेनूत 'फाइल', 'संपादन' वाचून ते हसले, "अरे, हे तं आपल्याच भाषेत बोलते!" आता सतरा पानं झाली आहेत, आणि ती तीन ठिकाणी ठेवली आहेत.

तुमच्याही घरी कोणी सांगणारं असेल. आजच रायटर बसवा, सुट्टीत त्यांच्याजवळ बसा. सॉफ्टवेअर पुन्हा डाउनलोड होतं, आठवणी होत नाहीत.