काळा ओट : जमिनीचे पांघरूण

शेतातून धान्य किती निघाले याचा हिशेब आपण दरवर्षी काटेकोरपणे मांडतो. पण शेतातून माती किती गेली याचा हिशेब क्वचितच ठेवला जातो. पहिल्या वळवाच्या पावसात ओढ्यानाल्यांतून वाहणारे गढूळ पाणी हा शेतकऱ्याच्या भांडवलाचा ऱ्हास असतो. जमिनीवरचा सुपीक थर तयार होण्यास शेकडो वर्षे लागतात आणि तो नाहीसा होण्यास काही पावसाळे पुरतात. ही धूप रोखण्यासाठी बांधबंदिस्ती आवश्यकच आहे. तथापि, पावसाचा थेंब मातीवर आदळण्यापूर्वीच त्याला अडवणे हा त्याहूनही मूलगामी उपाय होय. या कामी जगाच्या एका भागात ज्या पिकाने मोठा वाटा उचलला, त्या काळ्या ओटचा परिचय प्रस्तुत लेखात करून दिला आहे.

वनस्पतीची ओळख

ओट हे गहू व बार्ली यांच्याच तृणकुलातील थंड हवामानाचे पीक आहे. हिंदी भाषक प्रदेशात त्यास जई म्हणतात. न्याहारीसाठी बाजारात मिळणारे ओट हे सामान्य ओट असून त्याचे शास्त्रीय नाव अव्हेना सटायव्हा असे आहे. काळा ओट ही त्याच प्रजातीतील वेगळी जाती होय. जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञ श्रेबर यांनी १७७१ मध्ये तिला अव्हेना स्ट्रायगोझा हे नाव दिले.

दोन्ही जातींतील मूळ फरक पेशींच्या पातळीवर आहे. सामान्य ओट षट्गुणित असून त्यात ४२ गुणसूत्रे असतात, तर काळा ओट द्विगुणित असून त्यात १४ गुणसूत्रे असतात. यामुळे या दोहोंचा संकर सहजासहजी होत नाही. काळ्या ओटचे ताट बारीक, फुटवे भरपूर आणि दाणा लहान असतो. दाण्यावरील तूस गडद रंगाचे असून त्याच्या टोकाशी दोन बारीक केसाळ टोके असतात. पाठीवर कुसळही असते. दाण्याच्या मानाने तुसाचे प्रमाण अधिक असल्याने धान्य म्हणून हे पीक सामान्य ओटपुढे टिकू शकले नाही. परंतु सामान्य ओट जेथे तग धरत नाही अशा हलक्या, रेताड व निकस जमिनीत ते उभे राहते. जर्मन भाषेत त्याला 'वाळूचा ओट' म्हणतात, ते याच गुणामुळे.

समुद्रकाठच्या वाळूतील जुने पीक

स्कॉटलंडच्या पश्चिमेस अटलांटिक महासागरात बाह्य हेब्रिडीज नावाची बेटे आहेत. तेथील यूइस्ट बेटांवर समुद्रकाठी शिंपल्यांच्या चुऱ्याची विस्तीर्ण वाळू पसरलेली आहे. स्थानिक गेलिक भाषेत या भूमीस 'माखेर' म्हणतात. चुन्याचे प्रमाण फार असल्याने या जमिनीतील मँगनीज पिकांना उपलब्ध होत नाही आणि सुधारित वाण तेथे पिवळे पडतात. काळा ओट मात्र तेथे पिढ्यान्‌पिढ्या पिकत आला आहे. 'बेअर' ही जुनी बार्ली, राय आणि काळा ओट यांचे मिश्रण पेरायचे, समुद्रशेवाळाचे खत घालायचे आणि कापणीनंतर पेंढ्या बांधून हिवाळ्यात गुरांना चारायच्या, अशी तेथील पद्धत. बियाणे बाजारातून येत नसे. ते घरच्याच पिकातून राखले जाई.

या पद्धतीस अलीकडच्या दशकांत ओहोटी लागली. पीक दाणे भरण्यापूर्वीच हिरवे कापून मुरघास केला, की कष्ट वाचतात. पण मग पुढील वर्षाच्या पेरणीसाठी बी उरत नाही. त्यातच रानहंसांचे थवे उभ्या पिकावर उतरतात. चारा मिळाला तरी बियाणे गेले, असा हा प्रकार आहे. स्थानिक वाण सरकारी आदेशाने नाहीसे होत नाही. काही वर्षे कोणी बी राखले नाही एवढे त्यास पुरते. ही गोष्ट आपल्याकडील नाचणी, वरी, राळा यांच्या गावरान वाणांबाबतही तितकीच खरी आहे.

ब्राझीलमधील पुनरुज्जीवन

युरोपात मागे पडलेल्या या पिकास नवे जीवन लाभले ते दक्षिण ब्राझीलमध्ये. तेथील पाराना राज्याचा बराच भाग लाव्हारसापासून बनलेल्या बेसॉल्ट खडकाचा आहे. आपल्या दख्खनच्या पठाराशी त्याचे हे भूशास्त्रीय साम्य लक्षात घेण्याजोगे आहे. या खडकापासून तयार झालेल्या तांबड्या मातीत पूर्वी कॉफीचे मळे होते. जुलै १९७५ मधील भीषण हिमकडाक्याने हे मळे होरपळले आणि आधीच वाढत चाललेल्या सोयाबीन व गव्हाच्या पिकाने त्यांची जागा झपाट्याने घेतली. वारंवार नांगरलेल्या उघड्या उतारांवर मुसळधार पाऊस पडू लागला, तशी माती नद्यांना मिळू लागली.

या संकटातून मार्ग शोधण्याचा आरंभ एका शेतकऱ्याने केला. रोलांदिया येथील हर्बर्ट बार्ट्झ यांनी १९७२ मध्ये नांगरट न करता, आधीच्या पिकाच्या अवशेषांतच सोयाबीनची पेरणी केली. पुढे १९७६ च्या सुमारास पोंटा ग्रोसा परिसरात मानोएल परेरा व फ्रांके डायक्स्ट्रा यांनी हीच वाट धरली. १९७९ मध्ये तेथील शेतकऱ्यांनी अनुभवांच्या देवाणघेवाणीसाठी मंडळ स्थापन केले आणि त्यास नाव दिले 'गांडूळ मंडळ'. आज ब्राझीलमध्ये ३ कोटी हेक्टरांहून अधिक क्षेत्रावर बिनमशागतीची पेरणी होते.

मात्र केवळ नांगर थांबवून काम भागत नाही. जमीन झाकायची तर झाकण्यासाठी काहीतरी हवे. सोयाबीनचा पाला लवकर कुजतो आणि जमीन पुन्हा उघडी पडते. हिवाळ्यात रिकाम्या राहणाऱ्या शेतात लवकर वाढणारे, स्वस्त बियाण्याचे आणि सावकाश कुजणारे पीक हवे होते. काळ्या ओटने ही गरज भागवली. लोंद्रिना येथील पाराना राज्याच्या कृषी संशोधन संस्थेने 'इयापार ६१ इबिपोरा' हा वाण त्यासाठी विकसित केला.

लागवड व उपयोग

दक्षिण गोलार्धातील ऋतू आपल्या उलट असतात. त्यामुळे तेथे काळ्या ओटची पेरणी मार्च ते जून या काळात होते. हेक्टरी सुमारे ६० ते ८० किलो बियाणे लागते. साधारण जमिनीत हेक्टरी ४ ते ८ टन वाळलेले द्रव्य मिळते. पीक पूर्ण फुलोऱ्यात आल्यापासून दाणे दुधात येईपर्यंतच्या अवस्थेत त्यावर बोथट पात्यांचा जड रूळ फिरवतात. ताटे चेचली जाऊन जमिनीवर आडवी होतात, वाळतात आणि त्यांची जाड चटई बनते. ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये या चटईतूनच सोयाबीन पेरले जाते.

या चटईचे लाभ अनेक आहेत. पावसाचा मार मातीला लागत नाही, पाणी वाहून जाण्याऐवजी मुरते, ओल टिकते आणि जमिनीचे तापमान मर्यादित राहते. सावलीमुळे तसेच कुजणाऱ्या अवशेषांतून स्रवणाऱ्या द्रव्यांमुळे तणांची उगवण घटते. दुभत्या व मांसाच्या जनावरांसाठी हिवाळी कुरण म्हणूनही हे पीक राय-गवतासोबत पेरले जाते. जपान व नेदरलँड्समध्ये मुळांना इजा करणाऱ्या काही सूत्रकृमींचा उपद्रव घटवण्यासाठी ते फेरपालटात घेतात.

संशोधकांनाही या वनस्पतीने बरेच दिले आहे. ओटच्या मुळांत ॲव्हेनॅसिन नावाचे बुरशीरोधक द्रव्य असते आणि अतिनील प्रकाशात ते निळसर चमकते. इंग्लंडमधील नॉर्विच येथील जॉन इन्स केंद्रातील शास्त्रज्ञांनी न चमकणाऱ्या मुळांची काळ्या ओटची रोपे वेचून काढली. ही रोपे मूळकुजीच्या बुरशीला बळी पडतात, असे १९९९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या संशोधनात दाखवण्यात आले. एका द्रव्याच्या अभावी रोपाचे संरक्षणच कोसळते, हे त्यातून स्पष्ट झाले. त्याचप्रमाणे तांबेरा रोगास प्रतिकार करणारी जनुके काळ्या ओटमधून सामान्य ओटमध्ये आणण्यातही यश आले आहे.

दक्षतेचे मुद्दे

हे पीक निर्दोष आहे असे मात्र नाही. पक्व ताटांत कर्बाचे प्रमाण नत्राच्या मानाने फार असते. ती कुजवताना सूक्ष्म जीव जमिनीतील नत्र तात्पुरते स्वतःकडे ओढून घेतात. म्हणून काळ्या ओटनंतर लगेच मका घेतल्यास तो नत्राच्या कमतरतेने पिवळा पडतो. सोयाबीन स्वतःचे नत्र स्वतः मिळवत असल्याने त्यास ही अडचण फारशी जाणवत नाही. मका घ्यावयाचा असल्यास तेथील शेतकरी काळ्या ओटमध्ये व्हेचसारखे शेंगवर्गीय पीक किंवा चाऱ्याचा मुळा मिसळतात. दुसरा धोका विलंबाचा. रूळ फिरवण्यास उशीर होऊन बी पक्व झाले व गळले, तर पुढील हंगामातील गव्हात हेच पीक तण होऊन बसते. तिसरे असे, की जनावरांनी कुरण पार खुरटून खाल्ले तर चटईसाठी काही उरत नाही.

आपल्यासाठी बोध

महाराष्ट्रात ओट हे सिंचनाखालील रब्बी चारापीक म्हणून घेतले जाते. 'केंट' हा वाण त्यासाठी पूर्वीपासून परिचित आहे, तर राहुरी येथील महात्मा फुले कृषी विद्यापीठाने 'फुले हरिता' हा वाण दिला आहे. हे दोन्ही सामान्य ओटचे वाण आहेत. मग काळ्या ओटचे बियाणे आणून गावोगाव पेरावे काय? या प्रश्नाचे उत्तर घाईने देता येणार नाही. खडक सारखा असला तरी आकाश सारखे नाही. पारानात हिवाळ्यातही पाऊस पडतो. आपल्याकडे ऑक्टोबरनंतर कोरडवाहू शेताला थेंब मिळणे कठीण. जेथे पिण्याच्या पाण्याची चिंता आहे, तेथे केवळ आच्छादनासाठी पाणी देऊन पीक वाढवणे परवडणारे नाही.

आणखी एक अडचण अधिक नाजूक आहे. आपल्याकडे ज्वारीचा कडबा हा गुरांचा आधार आहे. तो जमिनीला द्यावा की जनावराला, हा प्रश्न लहान शेतकऱ्यापुढे दरवर्षी उभा असतो आणि त्याने जनावराची निवड केली तर त्यास दोष देता येत नाही. तेव्हा गुरे जे खात नाहीत त्यापासूनच प्रारंभ करणे शहाणपणाचे ठरेल. उसाचे पाचट न जाळता सरीत पसरणे, तुरीचा व सोयाबीनचा पाला शेतातच राखणे, ताग व धैंचा यांची हिरवळ घेणे हे उपाय आपल्या हाताशी आहेत. रायगड जिल्ह्यातील नेरळ येथे विकसित झालेल्या सगुणा भात तंत्रात गादीवाफे न मोडता आणि पिकाची मुळे जमिनीतच ठेवून पुढील पीक घेतले जाते. त्यामागचे तत्त्वही हेच आहे.

या कामी पंचायत सदस्यांना व शिक्षकांना बरेच करता येईल. एकाच उताराचे शेजारी शेजारी दोन लहान तुकडे निवडावेत. एक उघडा ठेवावा, दुसरा पाचटाने वा पाल्याने झाकावा. पावसानंतर दोहोंतून वाहणारे पाणी काचेच्या बरण्यांत धरून शाळेच्या ओसरीवर ठेवावे. त्या दोन बरण्यांतील गाळाचा फरक विद्यार्थ्यांच्या व पालकांच्या डोळ्यांसमोर राहील, आणि कोणत्याही भाषणापेक्षा तो अधिक पटेल.

काळा ओट आपल्या शिवारात येवो अथवा न येवो, त्याने दिलेला धडा परका नाही. थंडीवाऱ्यात आपण लेकरांच्या अंगावर पांघरूण घालतो. ज्या मातीवर त्या लेकरांचे भवितव्य अवलंबून आहे, ती वर्षातील बराच काळ उघडी राहते, याचे भान राखणे ही आपणा सर्वांची जबाबदारी आहे.