झारचा सरदार, फिनलंडचा मार्शल

ओंकार : आत्या, फिनलंडचा सर्वांत मोठा सेनापती, आणि त्याला फिनिश धड बोलता येत नव्हतं म्हणे. खरं?

आत्या : खरं. कार्ल गुस्ताफ मानेरहाइम, जन्म १८६७. घराणं सरदारांचं, घरात बोलणं स्वीडिश आणि देशावर अंमल रशियाच्या झारचा. फिनिशचा त्याने मनापासून अभ्यास केला तो उतारवयात.

ओंकार : सरदार म्हणजे पैशाला तोटा नसणार.

आत्या : कसला रे! वडील काउंट, पण कर्जात बुडाले आणि बायकामुलांना टाकून पॅरिसला निघून गेले. पाठोपाठ आईही वारली. लष्करी शाळेतून परवानगीशिवाय बाहेर गेला म्हणून १८८६ मध्ये याचं नाव काढलं. पुढे सेंट पीटर्सबर्गच्या घोडदळ विद्यालयात मात्र रमला. उंचापुरा गडी, घोड्यांचा दर्दी. १८९६ मध्ये दुसऱ्या निकोलसच्या राज्याभिषेकाला मिरवणुकीत झारच्या पुढे चालायचा मान त्याला मिळाला होता.

ओंकार : म्हणजे झारचाच माणूस.

आत्या : तीस वर्षं. त्यातली मला सगळ्यांत आवडतात ती १९०६ ते १९०८ ची. रशियन लष्कराने त्याला चीनची टेहळणी करायला पाठवलं, वरवर संशोधक म्हणून. काश्गरपासून पेकिंगपर्यंत बहुतेक वाट घोड्यावरून. नकाशे काढले, हस्तलिखितं जमवली. वूताई पर्वतावर तेरावे दलाई लामा भेटले. ब्रिटिश फौज ल्हासावर चालून आल्यामुळे त्यांनी तिबेट सोडलं होतं. याने त्यांना भेट काय दिली असेल? आपलं पिस्तूल!

ओंकार : धर्मगुरूंना पिस्तूल?

आत्या : देण्याजोगं दुसरं जवळ काही नव्हतं. एका दमात सात गोळ्या कशा भरायच्या, तेही दाखवलं. दलाई लामा खूश झाले.

ओंकार : आणि फिनलंडला परतला कधी?

आत्या : रशियात क्रांती झाली, १९१७ च्या डिसेंबरात फिनलंड स्वतंत्र झाला, तेव्हा. लगेच यादवी पेटली. हा ‘गोऱ्यां’चा, म्हणजे सरकारी पक्षाचा, सेनापती. त्याने समाजवादी ‘लालां’चं बंड मोडलं. पण नंतर कैद्यांच्या छावण्यांत भूक आणि रोगराईने बारा हजारांवर माणसं मेली. ती जबाबदारी त्याच्यावरून पुसता येणार नाही. कामगार वस्त्यांत त्याला खाटीक म्हणत.

ओंकार : तरी देशाने त्याला डोक्यावर घेतलं?

आत्या : १९३९ मुळे. स्टालिनने सरहद्दीवरची जमीन मागितली, तेव्हा हाच सरकारला सांगत होता, थोडं देऊन टाका, आपल्याकडे पुरेशा तोफा नाहीत, दारूगोळा नाही. ऐकलं कोणी नाही. ३० नोव्हेंबरला सोव्हिएत फौजा घुसल्या. बहात्तरीच्या म्हाताऱ्याने सरसेनापतिपद घेतलं, देश १०५ दिवस झुंजला, आणि फौज पुरती मोडण्याआधीच तह करा, असंही त्यानेच सांगितलं. मार्च १९४० मध्ये देशाचा जवळजवळ दहावा हिस्सा गेला, चार लाखांवर लोकांची घरंदारं सुटली. स्वातंत्र्य मात्र राहिलं. आपलं बळ कुठे संपतं हे ओळखणारा सेनापती मला शूरापेक्षा मोठा वाटतो.

ओंकार : पण नंतर तो हिटलरच्या बाजूने लढला ना?

आत्या : लढला, आणि ते झाकू नये. १९४१ मध्ये गेलेला मुलूख परत घेतला, जुनी सरहद्द ओलांडून पूर्व करेलियातही शिरला. ती हाव होती. तरी जर्मनांनी मागणी करूनही लेनिनग्राडवर चढाई केली नाही. १९४४ च्या उन्हाळ्यात पारडं फिरल्यावर राष्ट्राध्यक्षपद घेतलं, जर्मनीशी संबंध तोडले आणि सप्टेंबरात मॉस्कोशी युद्धबंदी केली. दीड वर्षात प्रकृतीमुळे पद सोडलं. १९५१ मध्ये स्वित्झर्लंडमधल्या लोझानला वारला. सोव्हिएत संघाशी त्याने लढलेल्या दोन्ही युद्धांत सोव्हिएत फौज हेलसिंकीत शिरू शकली नाही.