‘कृष्णविवर’ : विज्ञानकथेतील काळ

वावर, जव्हार किंवा मोखाड्याच्या अंगणातून दिसणाऱ्या स्वाती ताऱ्याचा प्रकाश सुमारे ३७ वर्षांपूर्वी निघालेला असतो. हा विलंब केवळ अंतरामुळे होतो. कृष्णविवराजवळ मात्र खुद्द काळाचीच गती मंदावते.

१९७४ साली जयंत नारळीकर यांनी ‘नारायण विनायक जगताप’ या टोपणनावाने मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेसाठी ‘कृष्णविवर’ ही कथा पाठवली. तिला पहिले पारितोषिक मिळाले. या कथेचा आधार काळाची ही मंदगती आहे.

कृष्णविवराच्या तीव्र गुरुत्वाकर्षणातून प्रकाशही सुटत नाही. त्याच्या निकट फिरून परतलेल्या प्रवाशाची मोजकी वर्षे सरतात. घरच्यांचे सारे आयुष्य सरलेले असू शकते. प्रवाशाला स्वतःचे घड्याळ नेहमीसारखेच चाललेले दिसते. म्हणून हा भास नव्हे. दोन्ही घड्याळे खरीच असतात.

अद्भुतकथेत काळ मंत्राने थांबतो, विज्ञानकथेत तो नियमाने मंदावतो. नियमाला दयामाया नसते. त्यामुळेच वाचकाला ताटातूट अटळ वाटते.

स्वयं-अध्ययन प्रश्न : अद्भुतकथेतील आणि विज्ञानकथेतील काळ यांतील फरक पाच ओळींत सोदाहरण स्पष्ट करा.