रुईचे बी पेरा, फुलपाखरू जगवा

पडीक जागेत, रेल्वेरुळांच्या कडेला वाढणारी रुई आपण सर्वांनी पाहिली आहे. पान तोडले की पांढरा चीक येतो. गुरे तिला सहसा तोंड लावत नाहीत. त्यामुळे वसाहतीत साफसफाई निघाली की पहिला कोयता रुईवरच पडतो. परंतु ही रुई एका फुलपाखराचे पाळणाघर आहे.

फुलपाखरू मध अनेक फुलांतला पिते, अंडी मात्र ठरावीक वनस्पतींवरच घालते. कारण अळीला इतर पाला चालत नाही. नारिंगी पंखांचे ‘प्लेन टायगर’ हे फुलपाखरू रुई व तिच्या कुळातील वनस्पतींवर अंडी घालते. अंड्यातून काही दिवसांत पट्टेदार अळी निघते, सुमारे दोन आठवडे पाने खाते आणि मग कोषात जाते. अंड्यापासून पंखापर्यंतचा हा प्रवास साधारण महिन्याभरात पूर्ण होतो. चिकातील विषारी द्रव्याचा काही अंश फुलपाखरातही उतरतो. म्हणून एकदा चव घेतलेला पक्षी पुन्हा त्याच्या वाटेला जात नाही.

याच फुलपाखराचा नातलग म्हणजे उत्तर अमेरिकेतील मोनार्क. तेथील शेतांत तणनाशकांमुळे ‘मिल्कवीड’ ही रुईच्या कुळातील वनस्पती घटली आणि मोनार्कही घटले. २०२२ साली स्थलांतर करणाऱ्या मोनार्कची नोंद धोक्यात आलेल्या जिवांत झाली. आता तेथील लोक अंगणात मिल्कवीडचे बी पेरतात. आपल्याकडे प्लेन टायगर अजून सर्रास दिसते. पण मोनार्कही एकेकाळी तेथे असेच सर्रास दिसत होते, हे विसरू नये.

लागवड अशी करावी :

१) उन्हाळ्यात रुईचे फळ उकलू लागले की बी गोळा करावे. मुले जिला ‘म्हातारी’ म्हणतात, ती कापसासारखी पिसे काढून टाकावीत.

२) मिल्कवीडच्या बऱ्याच जातींच्या बियांना आधी काही आठवडे थंडावा लागतो. रुईला त्याची गरज नाही. वाळूमिश्रित मातीत बी अर्धा सेंटीमीटर खोल पेरावे.

३) मूळ सरळ खोल जाते, म्हणून पिशवी उंच घ्यावी. पाणी बेताने द्यावे, साचू देऊ नये.

४) पावसाळ्याच्या आरंभी रोप उन्हाच्या जागी लावावे. अळ्या खादाड असतात, तेव्हा निदान चार-पाच रोपे हवीत.

५) कीटकनाशक मुळीच फवारू नये. पाने कुरतडलेली दिसली तर झाड बिघडले नाही, कामास आले असे समजावे.

सावधगिरी : चीक डोळ्यांत गेल्यास गंभीर इजा होते. हात लगेच साबणाने धुवावेत. लहान मुलांनी मोठ्यांच्या देखरेखीखालीच काम करावे.

स्वाध्याय : आपल्या वसाहतीतील रुईची झाडे मोजा. पानांच्या खालच्या बाजूस अंडी शोधा व महिनाभर रोज नोंद ठेवा. पुढच्या साफसफाईच्या वेळी ती वही सभासदांना दाखवा. मग कोयता कोठे थांबवायचा, हे त्यांना वेगळे सांगावे लागणार नाही.