मृदुधातूंच्या अभिघातात कालविचार : रूढता आणि स्थैर्य

प्रस्तावना

अभिघातज शोथाचा रुग्ण चिकित्सालयात येतो तेव्हा त्याचा पहिला प्रश्न निदानाविषयी नसतो. ‘डॉक्टर, कामाला कधी जाता येईल?’ हाच तो प्रश्न होय. घोड आणि भीमा या नद्यांच्या काठी वसलेल्या शिरूर व दौंड तालुक्यांत व्यवसाय करणाऱ्या प्रत्येक वैद्यास तो वारंवार ऐकावा लागतो. बहुधा आपण ‘आठ-दहा दिवस बघू’ असे उत्तर देतो. वेदना आठ दिवसांत कमी होते, रुग्ण कामाला लागतो, आणि महिन्याभरात तोच पाय पुन्हा मुरगळून परत येतो. औषध योग्य असूनही असे का घडते, याचा विचार प्रस्तुत लेखात करावयाचा आहे. आमच्या मते येथे उणीव बहुधा औषधाची नसते, कालविचाराची असते.

प्रथम एका शब्दाचा खुलासा आवश्यक आहे. व्यवहारातील मराठीत ‘स्नायू’ म्हणजे मांसपेशी. शास्त्रात मात्र स्नायु म्हणजे अस्थि, मांस व संधी यांना बांधून ठेवणारी बंधने. आधुनिक वैद्यक ज्यांना लिगामेंट म्हणते त्यांचा समावेश मुख्यतः यात होतो. टेंडन हे कंडरेच्या जवळचे. ‘स्नायू दुखावला’ असे रुग्ण म्हणतो तेव्हा पेशी दुखावली आहे, स्नायु की कंडरा, हे वैद्याने ठरवावयाचे असते. कारण तिघांचा भरून येण्याचा काळ वेगळा आहे.

शास्त्रोक्त कालमर्यादा

सुश्रुताचार्यांनी शारीरस्थानाच्या पाचव्या अध्यायात स्नायूंची संख्या ९०० सांगितली असून नावेचा दृष्टांत दिला आहे. फळ्या अनेक बंधनांनी नीट जखडलेल्या असल्या तरच नाव पाण्यात भार वाहते. त्याचप्रमाणे स्नायूंनी बांधलेल्या संधींमुळे मनुष्य भार सहन करतो. अस्थी, पेशी, सिरा वा संधी यांच्या आघातापेक्षा स्नायूचा आघात अधिक घातक, असेही त्याच ठिकाणी म्हटले आहे. क्ष-किरण चित्रात हाड शाबूत दिसले की ‘काही नाही, नुसती मुरगळ आहे’ असे म्हणण्याची सवय आपणास जडली आहे. तिला हा उतारा पुरेसे उत्तर आहे.

चिकित्सास्थानातील भग्नचिकित्सेत कालाचे स्पष्ट मान दिले आहे. प्रथम वयात संधी एक महिन्याने स्थिर होतो, मध्यम वयात त्याच्या दुप्पट आणि उत्तर वयात तिप्पट काळाने. हे मान भग्न व संधिमुक्त यांसाठी आहे, प्रत्येक किरकोळ मुरगळीसाठी नव्हे. तथापि त्यातील तत्त्व सर्वत्र लागू पडते. वय हे कालाचे पहिले परिमाण आहे, आणि मोजावयाचे ते ‘स्थैर्य’ आहे, वेदनाशमन नव्हे. अल्प आहार घेणारा, स्वतःवर संयम नसणारा, वातप्रकृती आणि उपद्रवयुक्त अशा रुग्णांत भग्न कष्टाने साध्य होते, असाही इशारा तेथेच आहे.

वाग्भटाचार्यांनी हाच विचार व्रणाच्या संदर्भात अधिक ठळक केला. अष्टांगहृदयाच्या सूत्रस्थानात शस्त्रकर्मविधीमध्ये ते सांगतात की व्रण रूढ झाला तरी स्थैर्य येईपर्यंत अजीर्ण, व्यायाम, व्यवाय इत्यादी वर्ज्य करावे, आणि हा विधी सहा ते सात महिने आदराने पाळावा. रूढ होणे आणि स्थिर होणे या दोन भिन्न अवस्था आहेत, व त्यांच्यामध्ये महिन्यांचे अंतर असू शकते. प्रस्तुत लेखाचा सर्व आशय या एका भेदात आहे.

आधुनिक मताशी तुलना

आधुनिक विकृतिविज्ञानही तीन अवस्था मानते. पहिले सुमारे तीन ते पाच दिवस शोथाचे. त्यानंतर तिसऱ्या ते सहाव्या आठवड्यापर्यंत नवीन धातूची उत्पत्ती होते. या काळात तयार होणारे कोलॅजन मुख्यतः तिसऱ्या प्रकारचे, विस्कळीत मांडणीचे व दुर्बल असते. तिसरी अवस्था पुनर्रचनेची. तीत पहिल्या प्रकारचे बळकट कोलॅजन भाराच्या दिशेने रचले जाते, आणि स्नायु-कंडरांमध्ये ही क्रिया अनेक महिने, कधी वर्षभरही चालते. वेदना बहुधा दुसऱ्या अवस्थेतच शमते. म्हणजे रुग्णाला बरे वाटते तेव्हा नवा धातू सर्वांत फसवा असतो.

व्यवहारासाठी स्थूल मान पुढीलप्रमाणे धरता येते. साधा मुका मार एक ते तीन आठवडे. मांसपेशीचा सौम्य ताण एक ते तीन आठवडे, मध्यम चार ते आठ आठवडे, पूर्ण छेद तीन महिने वा अधिक. घोट्याच्या बाहेरील बंधनाचा सौम्य ताण एक ते तीन आठवडे, अर्धवट छेद तीन ते सहा आठवडे, पूर्ण छेद तीन महिने व अधिक. टाचेवरील महाकंडरा तुटल्यास जड कामास योग्य होण्यास सहा ते बारा महिने. हे सर्व काळ कामावर परतण्याचे आहेत. पूर्ण स्थैर्याचे नव्हेत.

मांस लवकर भरते आणि स्नायु उशिरा, याचे कारण आधुनिक वैद्यक रक्तपुरवठ्यात शोधते. चरकाचार्यांनी ग्रहणीचिकित्सेत स्नायूची उत्पत्ती मेदापासून सांगितली आहे. धातुपोषणक्रमात मेद हा मांसानंतरचा, चौथा धातू. त्याच्या उपधातूपर्यंत पोषण पोहोचण्यास विलंब लागणार, असा अर्थ यातून काढता येतो. दोन शास्त्रांची भाषा भिन्न असली तरी रुग्णास द्यावयाचा सल्ला एकच ठरतो.

आपल्या परिसरातील रुग्ण

या दोन्ही तालुक्यांत अशा रुग्णांची वाण नाही. रांजणगाव व कुरकुंभच्या औद्योगिक वसाहतींतील कामगार, दौंडच्या रेल्वे जंक्शनवर माल हाताळणारे हमाल, तालमीतील मल्ल. त्यांत मे २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने शर्यतींना परवानगी देणारा राज्याचा कायदा वैध ठरवल्यापासून बैलगाडा घाटात पडून आलेले तरुणही आढळतात. आषाढी वारीत तुकोबारायांची पालखी यवत व वरवंड येथे मुक्कामाला असते, तेव्हा मुरगळलेल्या पायाने पंढरपूर गाठू पाहणारे वारकरी येतात.

परंतु कालविचाराची खरी कसोटी लागते ती ऊसतोडणी कामगाराच्या बाबतीत. मोळी डोक्यावर घेऊन फळीवरून ट्रकवर चढताना पाय घसरतो व घोटा आत वळतो. मराठवाडा वा अहिल्यानगर जिल्ह्यातून आलेल्या या कुटुंबाने मुकादमाकडून उचल घेतलेली असते. नवरा-बायकोचा मिळून एक कोयता धरला जातो. एकाने काम थांबवले की दोघांचे अडते, आणि खाड्याचा भुर्दंड उचलीत चढतो. अशा रुग्णास ‘तीन आठवडे पूर्ण विश्रांती’ लिहून देणे म्हणजे काहीच न देण्यासारखे आहे. तो चिठ्ठी घडी करून खिशात ठेवतो आणि दुसऱ्या दिवशी पहाटे फडात उभा राहतो.

प्रथम परीक्षण

काल सांगण्यापूर्वी हाड शाबूत आहे याची निश्चिती हवी. १९९२ मध्ये कॅनडातील ओटावा येथे ठरवलेले नियम यासाठी सोपे आहेत. घोट्याजवळ वेदना असून आतील वा बाहेरील घोट्याच्या हाडाच्या खालच्या सहा सेंटिमीटरमध्ये मागील कडेवर किंवा टोकावर स्पर्शासहत्व असेल, अथवा दुखापतीनंतर लगेच व तपासतानाही रुग्ण चार पावले टाकू शकत नसेल, तर क्ष-किरण तपासणी करावी. मध्यपादात वेदना असल्यास करंगळीच्या रेषेतील पादास्थीचा मूलभाग व घोट्यापुढील नौकाकार अस्थी हेही दाबून पाहावे. रुग्णास पालथे झोपवून पोटरी दाबली असता पाऊल हलले नाही, तर महाकंडरा तुटल्याचा संशय घ्यावा. पोटरी दगडासारखी घट्ट होऊन वेदना असह्य वाढत असेल, पाऊल थंड वा बधिर असेल, तर क्षणाचाही विलंब न करता शल्यचिकित्सकाकडे पाठवावे.

मर्मविचारही येथे उपयोगी पडतो. गुल्फ हे संधिमर्म व कूर्चशिर हे स्नायुमर्म, दोन्ही रुजाकर. गुल्फाच्या आघाताने वेदना, पाऊल ताठणे किंवा लंगडेपणा येतो असे सांगितले आहे. मर्मस्थानीच्या आघातात काल नेहमीच्या मानापेक्षा अधिक धरावा.

चिकित्साक्रम

पहिल्या तीन ते पाच दिवसांत शीत परिषेक, लेप, बंधन व पाय उंचावर ठेवणे इतकेच करावे. न्यग्रोधादि कषायाचा थंड परिषेक, मंजिष्ठा, यष्टिमधु व रक्तचंदन यांचा शतधौत घृतातील लेप हे शास्त्रोक्त उपाय आहेत. घरोघरी आंबेहळद, तुरटी, रक्तबोळ यांचा लेप होतो. त्वचा फाटलेली नसल्यास त्यास हरकत नाही. मात्र या काळात मर्दन, शेक आणि ‘शीर बसवण्यासाठी’ ओढाताण करू देऊ नये. बर्फाविषयीही तारतम्य हवे. १९७८ मध्ये विश्रांती व बर्फाचे सूत्र मांडणाऱ्या डॉ. गेब मिर्किन यांनीच २०१४ मध्ये, बर्फाने रोपणास विलंब होऊ शकतो, असे मान्य केले. वेदनेसाठी थोडा वेळ वापर पुरे.

बंधनाबाबत सुश्रुताचार्यांचे नियम आजही तितकेच उपयुक्त आहेत. सौम्य ऋतूत सात दिवसांनी, साधारण ऋतूत पाच दिवसांनी व उष्ण ऋतूत तीन दिवसांनी बंध बदलावा. शिथिल बंधाने स्थैर्य येत नाही, गाढ बंधाने शोथ, वेदना व पाक होतो. म्हणून मध्यम बंध प्रशस्त. उसाचा हंगाम हेमंत-शिशिरात येतो, आणि शीतकाल भग्नास सुखसाध्य मानला आहे. तरीही पहिला बंध बांधल्यावर दुसऱ्या दिवशी बोटांचा रंग व उष्णता पाहावीच.

शोथ ओसरल्यावर स्नेहन, मृदु स्वेदन, महानारायण वा सहचर तैल, पोटात लाक्षादि वा आभा गुग्गुळ द्यावा. रक्त पातळ ठेवणारी औषधे घेणाऱ्यास गुग्गुळ देताना सावध राहावे. शाली, दूध, तूप, मांसरस, वाटाण्याचे यूष हे पथ्य. लवण, अम्ल, कटु, क्षार व रूक्षान्न हे अपथ्य. भाकरी-चटणीवर दिवस काढणाऱ्या ‘अल्पाशी’ रुग्णास रोज निदान दूध, अंडी वा डाळ मिळावी यासाठी औषधाइतकाच आग्रह धरावा. मधुमेह, पांडु, तंबाखू व मिश्री काल लांबवतात. सिप्रोफ्लॉक्सासिनसारखे प्रतिजैविक नुकतेच घेतले असल्यास कंडरा दुर्बल असू शकते, हेही विचारून घ्यावे.

क्रमवार भार

आता मुख्य मुद्दा. हाताच्या तळव्याच्या भग्नानंतर सुश्रुताचार्य प्रथम मातीचा गोळा, नंतर लवणाचा खडा, आणि हातात बळ आल्यावर पाषाण धरावयास सांगतात. क्रीडावैद्यकातील तज्ज्ञांनी २०१९ मध्ये मांडलेल्या सूत्रातही दीर्घ विश्रांतीऐवजी क्रमाने भार वाढवण्यावरच भर आहे. कोलॅजनला योग्य दिशा मिळते ती भारामुळे. अति भाराने ते तुटते आणि भार नसल्यास विस्कळीत राहते.

हाच क्रम फडात लावता येतो. सौम्य ते मध्यम दुखापतीत पहिले चार-पाच दिवस विश्रांती. पुढे दुसऱ्या आठवड्याच्या अखेरीपर्यंत बंध बांधून बसून करावयाचे काम, म्हणजे वाढे बांधणे. तिसऱ्या-चौथ्या आठवड्यात सपाट जागेवर कोयता चालवणे. त्यानंतर लहान मोळी सपाटीवरून नेणे. फळीवर चढणे सर्वांत शेवटी, आणि तेही दुखावलेल्या एका पायावर दुसऱ्या पायाइतकाच वेळ तोल सांभाळता येऊ लागल्यावर. माती, लवण, पाषाण यांच्या जागी वाढे, कोयता, मोळी असा हा क्रम लक्षात ठेवावा. ज्या दिवशी काम वाढवले त्याच्या दुसऱ्या सकाळी सूज वा वेदना वाढली, तर एक पायरी मागे यावे.

अशी चिठ्ठी मुकादमालाही समजते. ‘काम बंद’ असे लिहिलेले त्याला मानवत नाही. ‘पंधरा दिवस फळीवर चढवू नये, वाढे बांधू शकेल’ हे त्याच्याशी बोलता येते, आणि कोयता मोडत नाही. कारखान्यातील विमाधारक कामगारास कामावर झालेल्या दुखापतीबद्दल राज्य कामगार विमा योजनेतून तात्पुरत्या अक्षमतेचा लाभ मिळू शकतो. त्यास अधिकृत प्रमाणपत्रासाठी वेळीच पाठवणे हाही चिकित्सेचाच भाग समजावा. वारकऱ्यास पुढील दोन मुक्काम वाहनाने जाण्यास सांगावे. तेही त्याच न्यायाने.

उपसंहार

सम्यक् रूढ संधीचे लक्षण देताना सुश्रुताचार्यांनी वक्रता नसणे, अंग न्यून नसणे, उठाव नसणे आणि हालचाल सुखाने होणे हे सांगितले आहे. आपणही रुग्णास ‘दुखते का?’ एवढेच न विचारता ‘काय काय करता येते?’ हे विचारावे.

आमची सूचना इतकीच आहे की पहिल्याच दिवशी चिठ्ठीवर दोन तारखा लिहाव्यात. एक रूढतेची, म्हणजे वेदना शमून हलके काम सुरू होईल ती. आणि दुसरी स्थैर्याची, म्हणजे पूर्ण भार घेता येईल ती. पहिली तारीख आली की रुग्ण आपणास विसरतो, हे स्वाभाविक आहे. दुसरी तारीख लिहिलेली असेल तर निदान त्याला माहीत असते की आपला घोटा अद्याप उसना आहे. वय, ऋतू, आहार व मर्म पाहून ही दुसरी तारीख निश्चित करणे हे वैद्याचे काम होय. त्यासाठी कोणतेही महागडे यंत्र लागत नाही. लागतो तो शास्त्राने दिलेला कालविचार आणि समोरच्या माणसाच्या कामाची माहिती.