अनुकंपा नियुक्ती आणि समान संधीचे तत्त्व

बागलाण तालुक्याचे मुख्य ठिकाण असलेल्या सटाणा येथे एका मामलेदाराचे मंदिर आहे. 1870 च्या सुमारास पडलेल्या दुष्काळात मामलेदार यशवंत महादेव भोसेकर यांनी सरकारी खजिना भुकेल्या रयतेसाठी खुला केला आणि पुढे तपासणीत तो भरलेलाच आढळला, अशी कथा या परिसरात श्रद्धेने सांगितली जाते. देवमामलेदारांची यात्रा आजही भरते. आजच्या अधिकाऱ्याला मात्र असा चमत्कार उपलब्ध नाही. सरकारी पद हे सर्व नागरिकांचे आहे. ते अनुकंपेने द्यावयाचे तर हिशेब नियमानेच जुळवावा लागतो.

राज्यघटनेच्या अनुच्छेद 16 अन्वये शासकीय सेवेत सर्व नागरिकांना समान संधी आहे आणि केवळ कुळाच्या कारणावरून कोणासही अपात्र ठरविता येत नाही अथवा भेदभाव करता येत नाही. मग सेवेत असताना निधन पावलेल्या लिपिकाच्या मुलाला स्पर्धा परीक्षेवाचून नोकरी कशी मिळते? वडिलांचे पद वारशाने मिळते, असा समज गावोगावी आढळतो. तो चुकीचा आहे. उमेशकुमार नागपाल विरुद्ध हरियाणा राज्य या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 1994 मध्ये स्पष्ट केले की, कमावत्या व्यक्तीच्या मृत्यूने कोसळलेल्या आर्थिक संकटातून कुटुंबाला सावरणे, एवढाच या सवलतीचा हेतू आहे. ती समान संधीच्या नियमाला अपवाद आहे, हक्क नव्हे. म्हणूनच मृताचे पद कितीही वरचे असले तरी महाराष्ट्रात या योजनेखाली नियुक्ती गट क व गट ड मधील पदांवरच होते.

अपवादाचा आधार निकड हाच असल्यामुळे विलंबाचा प्रश्न गंभीर ठरतो. नियुक्ती दहा वर्षांनी मिळाली, तर तोवर कुटुंबाने कसेबसे दिवस काढलेले असतात. आणि त्याच पदासाठी अभ्यासिकेत रात्री जागवणाऱ्या शेतकऱ्याच्या मुलाला या अपवादाचे समर्थन पटवून देणे कठीण जाते. अशा नियुक्तीस विलंब होता कामा नये, हे सुषमा गोसाईं प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 1989 मध्येच बजावले होते. कुटुंबाने उशिरा जागे होणे जसे मागणी दुर्बळ करते, तसेच कार्यालयाने अर्ज पडू देणे योजनेचा पायाच पोखरते. दुसऱ्या दोषाची चर्चा कमी होते, इतकेच.

समानतेचा प्रश्न कुटुंबाच्या आतही उद्भवतो. पतीच्या निधनानंतर पत्नीचे नाव प्रतीक्षासूचीत लागते. वर्षे जातात, तिची 45 वर्षांची वयोमर्यादा उलटते, दरम्यान मुलगा वा मुलगी सज्ञान होते. सूचीतील नाव बदलण्यास 2015 च्या शासन निर्णयाने मनाई होती. मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने डिसेंबर 2019 मध्ये हे बंधन असमर्थनीय ठरविले आणि 2024 मध्ये नागपूर येथील पूर्णपीठाने त्याच मताला दुजोरा दिला. कुटुंबाची गरज एकच असता ती कोणाच्या नावे नोंदली यावरून तिचा अंत व्हावा, हे न्यायालयांना मान्य झाले नाही. विवाहित मुलीलाही 2013 पासून राज्य शासनाने, कुटुंब केवळ तिच्यावर अवलंबून असल्यास, पात्र मानले आहे. मात्र अवलंबित्व सिद्ध होणे आवश्यकच राहते. या विषयावरील शासन निर्णय वेळोवेळी सुधारले जात असल्याने आस्थापना शाखेने अर्ज निकाली काढताना लागू असलेला निर्णय प्रत्यक्ष पाहावा. जुन्या टिप्पणीची नक्कल करू नये.

शिक्षक व पंचायत सदस्य यांचा या कामी संबंध वाटतो त्याहून जवळचा आहे. खेड्यातील मृत्यूची नोंद ग्रामपंचायतीत होते आणि दाखला नेण्यासाठी घरातील कोणीतरी तेथे येतेच. दु:खाच्या त्या दिवसांत अर्जालाही मुदत असते हे विधवेला बहुधा ठाऊक नसते. दाखला हाती देतानाच, अर्ज पतीच्या कार्यालयाकडे लेखी द्यावा आणि त्याची पोच तारखेसह घ्यावी, एवढे तिला सांगता येईल.